तिऱ्हाईताची खाकी पिशवी

मित्रांनो, चाकणच्या पुढे कंपन्यांची लांबलचक भिंत जिथे संपते तिथे एक वस्ती आहे. त्या वस्तीतल्या दोन खोल्यांच्या घरात, दाराआडच्या खिळ्याला जी खाकी कापडी पिशवी लटकलेली दिसेल, ती मी. माझं वय सव्वीस वर्षं आहे. पिशव्यांच्या हिशेबाने मी म्हातारी आहे. माझा एक बंद दोनदा तुटून पुन्हा शिवला आहे आणि तळाशी एक ठिगळ आहे, तेही आता विरत आलं आहे.

मी जन्मले तेव्हा पिशवी नव्हते, पँट होते. भिवा कांबळे नावाचा माणूस लातूरकडच्या एका गावातून कामाला इकडे आला आणि एका कंपनीच्या प्रेस शॉपमध्ये, पत्र्याचे भाग दाबून काढतात तिथे, लागला. कंपनीने त्याला दिलेला पहिला युनिफॉर्म म्हणजे मी. दीड वर्षात माझा गुडघा फाटला. त्याची बायको कौशल्याबाई म्हणाली की कापड अजून दणकट आहे, फेकायचं नाही. तिने मला उसवलं, कापलं आणि दुहेरी टाके घालून हातानेच पिशवी शिवली. कमरेच्या पट्टीचे माझे बंद झाले. मागचा खिसा तिने आतल्या बाजूला घेतला, त्यामुळे माझ्या पोटात एक चोरखिसा आहे. बाहेरून तो कुणाला कळत नाही.

मग माझी नोकरी सुरू झाली. पहिली शिफ्ट, दुसरी शिफ्ट, तिसरी शिफ्ट, भिवाची जी असेल ती माझी. माझ्यात जेवणाचा डबा, पाण्याची बाटली आणि एक टॉवेल असायचा. भिवाच्या सोबत्यांच्या पिशव्या वर्षाला बदलायच्या. ते मला हातात घेऊन ताणून बघायचे आणि विचारायचे, कुठून घेतलीस राव? भिवा सांगायचा, दुकानात मिळत नाही ही. तेव्हा मला फार बरं वाटायचं.

त्या काळात भिवा आणि कौशल्याबाई साहेबराव नावाच्या शेतकऱ्याच्या चाळीत भाड्याने राहत. सगळे त्यांना आबा म्हणत. आबांची जमीन रस्त्याच्या कडेला होती. भिवाची लेक विजयश्री झाली, खोली पुरेना, तेव्हा आबांनीच एक दिवस सांगितलं की बांधाकडेचा एक गुंठा घे आणि आपलं घर बांध. भिवाने पगारातून ठरलेली रक्कम पुरी केली. एवढ्याशा तुकड्याचं खरेदीखत तेव्हा सरकारदरबारी नोंदवलं जात नसे. म्हणून आबांनी स्टँप पेपरवर लिहून दिलं. साक्षीदार दोन होते. एक शेजारचे सोनबा, जे पुढे वारले, दुसरा आबांचा मुलगा मालोजी. आबांची लेक चिमाबाई दिवाळीसाठी माहेरी आलेली होती, ती ओट्यावर बसून हे सगळं बघत होती. तो कागद घरी मीच आणला. डब्यातलं तेल सांडून त्याच्या कोपऱ्याला डाग पडला, त्याबद्दल भिवा दोन दिवस हळहळत होता.

घर झालं. विटांच्या भिंती, वर पत्रा. सातबारा आबांच्या नावावरच राहिला. आबा म्हणायचे, मी आहे ना. सगळ्यांना ते पुरेसं वाटलं.

नऊ वर्षांपूर्वी भिवा कंपनीतच छातीत कळ येऊन गेला. त्या दिवशी त्याचे सोबती मला घरी घेऊन आले. डबा माझ्यात तसाच भरलेला होता. कौशल्याबाईने डबा काढून घेतला आणि मला खिळ्याला अडकवलं. पुढे ती एका कंपनीच्या कँटीनमध्ये चपात्या लाटायच्या कामाला लागली, पण मला कधी बरोबर नेलं नाही. माझ्यात कांदे ठेवले जात. सहा वर्षं मी कांद्यांची पिशवी होते. वाईट वाटायचं, पण फेकून दिली नाही हेही होतंच.

मग साहेबराव आबा गेले. त्यांनी मृत्युपत्र केलेलं नव्हतं. मालोजीने सगळी जमीन आपल्याच नावावर करायला घेतली. चिमाबाई राजगुरुनगरजवळ दिलेली होती, नवरा वारलेला होता. तिने भावाकडे आपला हिस्सा मागितला तेव्हा मालोजीने सांगितलं की तुझं लग्न झालं, तू परक्या घरची, तुझा आता इथे काय संबंध? चिमाबाईने राजगुरुनगरच्या कोर्टात वाटपाचा दावा लावला. वडिलांच्या जमिनीत मुलाएवढाच मुलीचा हक्क असतो, तो वेगळा काढून मिळावा, असा तो दावा होता.

कौशल्याबाईला हे वस्तीतल्या बायकांकडून कळलं होतं. बहीणभावाचं भांडण आहे, आपल्याला काय, असं तिला वाटलं. पण घराचा पत्रा गळायला लागला आणि स्लॅब टाकावा म्हणून ती ग्रामपंचायतीत गेली. तिथल्या माणसाने कागद बघून सांगितलं, की या गटाला, म्हणजे आबांच्या या जमिनीला, कोर्टाची मनाई आहे, काहीही बांधता येणार नाही. आणि या गटात तुमचं नाव तर कुठेच नाही. वाटप झालं की तुमचं घर ज्याच्या वाट्याला जाईल तो म्हणेल ते.

त्या दिवशी घरी येऊन तिने माझ्यातले कांदे परडीत ओतले, मला धुतलं, वाळवलं, आणि तेलाच्या डागाचा तो स्टँप पेपर माझ्या चोरखिशात ठेवला. लाइट बिलं, घरपट्टीच्या पावत्या आणि भिवाचं कंपनीचं कार्ड हेही आलं. माझी दुसरी नोकरी सुरू झाली.

राजगुरुनगरच्या कोर्टाच्या आवारात अण्णासाहेब नावाचे वकील टेबल मांडून बसत. त्यांनी चष्मा पुसून सगळे कागद वाचले आणि खरं तेच सांगितलं.

"बाई, हा दावा वारसांचा आहे. तुम्ही वारस नाही. कोर्टाच्या भाषेत तुम्ही तिऱ्हाईत. आम्हालाही दाव्यात सामील करून घ्या असा अर्ज करता येतो. पण वाटपाच्या दाव्यात बाहेरच्यांना सहसा घेत नाहीत. नाही तर वारस राहतील बाजूला आणि गाव येईल आत."

कौशल्याबाईने विचारलं, "माझं घर त्या जमिनीवर हाय. त्याचा निकाल माझ्याबिगर कसा लागंल?"

अण्णासाहेब म्हणाले, की हेच अर्जात लिहू.

अर्ज दाखल झाला. दर तारखेला मी तिच्या खांद्यावर असे. तळेगाव चौकातल्या कोंडीत एसटी तासभर अडकायची, कँटीनचा खाडा पडायचा. कोर्टात पुष्कळदा पुढची तारीख एवढंच मिळायचं.

आत येऊ बघणारी ती एकटी नव्हती. पुनावळ्याचा जयदीप नावाचा प्लॉटिंगवाला होता. दावा चालू असतानाच मालोजीने त्याच्याशी जमीन विकण्याचा करार करून विसाराची आगाऊ रक्कम घेतली होती. आता चिमाबाईला हिस्सा मिळाला तर त्याची अर्धी स्कीम जाणार होती. म्हणून त्यानेही अर्ज केला होता, मलाही दाव्यात घ्या.

एका तारखेला जयदीप कौशल्याबाईच्या शेजारी येऊन बसला. माणूस बोलायला गोड होता. तिला मावशी म्हणाला, दोन चहा मागवले. मग त्याने एक टाइप केलेला कागद माझ्यात सरकवला. ते कौशल्याबाईच्या नावाचं प्रतिज्ञापत्र होतं. त्यात लिहिलं होतं, की साहेबरावांनी हयातीतच सगळी जमीन मालोजीला वाटून दिली होती, चिमाबाईचा तिथे कधी ताबा नव्हता आणि हे मी पंचवीस वर्षं डोळ्यांनी पाहिलं आहे. खाली सहीची जागा मोकळी होती. जयदीप म्हणाला, की सही करा, मालोजीभाऊ तुमचा स्टँप पेपर मान्य करतील, आणि स्कीम झाली की पत्र्याच्या घराऐवजी पक्की वन बीएचके तुमच्या नावावर. नाही तर मालोजीभाऊ तुमच्या कागदावरची सहीच नाकारणार आहेत.

तो कागद माझ्या पोटात चार दिवस होता. मित्रांनो, माझ्यात जेवण राहिलं, कांदे राहिले, पण त्या कागदाइतकं जड मला काही वाटलं नाही.

रविवारी विजयश्री आली. ती पिंपरीच्या एका दवाखान्यात डायलिसिस विभागात तंत्रज्ञ आहे आणि पिंपळे सौदागरला भाड्याने राहते. तिने कागद दोनदा वाचला.

"आई, सही करून टाक," ती म्हणाली. "भांडण त्यांचं आहे. चिमाबाईच्या वकिलाने तुझ्या अर्जाला विरोधच केलाय ना? तिने आपला विचार केला का?"

हे खरं होतं. चिमाबाईच्या वकिलांनी लेखी दिलं होतं की या बाईचा दाव्याशी संबंध नाही. विजयश्रीचंही चुकत नव्हतं. तिला आईच्या डोक्यावर न गळणारं छप्पर हवं होतं.

कौशल्याबाई पीठ मळत होती. तिने हात थांबवला. मग म्हणाली, "ह्यात लिव्हलंय मी डोळ्यानं बगितलं. मी तर बगितलं न्हाई. आबा जाईपतोर जमीन आबाच करत होते."

विजयश्री म्हणाली, की हे कोण तपासणार आहे?

"मला म्हायती हाय न्हवं," कौशल्याबाई म्हणाली आणि पुन्हा पीठ मळायला लागली.

विजयश्री रागावली. जेवली आणि नेहमीपेक्षा लवकर निघून गेली. कौशल्याबाईने तो कागद माझ्यातून काढला, पुढच्या तारखेला जयदीपच्या हातात दिला आणि मला हे जमणार नाही एवढंच सांगितलं. त्याने कागद घडी करून खिशात ठेवला. त्या दिवशी त्याने चहा मागवला नाही.

दोन्ही अर्जांची सुनावणी एकाच दिवशी आली. मी कौशल्याबाईच्या मांडीवर होते. न्यायाधीश मॅडम साधारण चाळिशीच्या असतील, त्या सगळं शांतपणे लिहून घेत होत्या. मालोजीच्या वकिलांनी सांगितलं, की स्टँप पेपर खोटा आहे, त्यावरची सही मालोजीची नाही. मालोजी मागच्या बाकावर बसून जमिनीकडे बघत होता. चिमाबाईच्या वकिलांनी सांगितलं, की एका तिऱ्हाईताला घेतलं तर दुसराही घ्यावा लागेल, तेव्हा दोघांनाही बाहेर ठेवा. मग जयदीपचे वकील उठले. ते म्हणाले, की साहेबरावांनी जमीन मालोजीला आधीच दिली होती हे सगळ्या वस्तीला ठाऊक आहे. या कौशल्याबाई पंचवीस वर्षं तिथेच राहतात, त्यांनाही ठाऊक आहे.

मॅडमनी मान वर केली आणि कौशल्याबाईकडे बघून विचारलं, "तुम्हाला असं ठाऊक आहे का?"

कौशल्याबाई उठली. तिने माझे बंद घट्ट धरले होते.

"न्हाई मॅडम. आबांनी कुणालाच वाटून दिली न्हवती. चिमाताई दर दिवाळीला यायच्या. आबा त्यांना शेंगा, तांदूळ बांधून द्यायचे आन् म्हनायचे, ह्ये तुज्या रानातलंच हाय."

अण्णासाहेबांनी डोळे मिटून घेतले, कारण यातून त्यांच्या अर्जाला काहीच मदत होणार नव्हती. चिमाबाई पुढच्या बाकावर बसली होती. ती वळून कौशल्याबाईकडे बघत राहिली.

पंधरा दिवसांनी निकाल आला. दोन्ही अर्ज नामंजूर. जयदीपकडे नुसता करार होता, मालकी नव्हती; त्याला काही मागायचं असेल तर त्याने मालोजीविरुद्ध वेगळा दावा करावा. कौशल्याबाईचा कागद नोंदवलेला नव्हता. तो खरा की खोटा हे वारसांच्या वाटपात ठरवता येणार नाही, तिनेही हवा तर स्वतंत्र दावा करावा. अण्णासाहेबांनी तिला हे दोनदा समजावलं आणि म्हणाले, की मॅडमनी कायद्याप्रमाणेच केलंय, त्यांना दोष देता येणार नाही.

कौशल्याबाई रडली नाही. व्हरांड्यातल्या बाकावर बसली आणि पावत्या एकेक करून माझ्यात भरू लागली. तेव्हा चिमाबाई तिच्यासमोर येऊन उभी राहिली. पासष्टीची बाई, नऊवारी, हातात औषधांची प्लास्टिकची पिशवी.

"तुला त्या प्लाटवाल्यानं घर देतो म्हनून सांगितलं हुतं, व्हय?" तिने विचारलं.

कौशल्याबाईने मान हलवली.

"मंग सही का न्हाई केली?"

"खोटं हुतं ते."

चिमाबाई शेजारी बसली. बराच वेळ ती व्हरांड्यातून जाणारी-येणारी माणसं बघत होती. मग म्हणाली, "त्या दिवशी मी वट्यावरच हुते. मालोजीनं सही केल्याली म्या बगितली. वकील म्हनला, तू बोलू नगं, तुजा हिस्सा कमी व्हईल. म्हनून गप बसले." ती थांबली. "मला त्यानं परकी म्हनलं, तवा लई लागलं हुतं. आन् तुला बाहीरची म्हनताना माजं तोंड उगडलं न्हाई."

कौशल्याबाईने उरलेल्या पावत्या माझ्यात ठेवल्या. दोघी तशाच बसल्या. मग एसटीची वेळ झाली म्हणून उठल्या.

जयदीपचा अर्ज फेटाळला गेल्यावर त्याने मालोजीकडे विसार परत मागायचा तगादा लावला. मालोजीही तारखांना कंटाळला होता. सहा महिन्यांनी त्याने निरोप पाठवला, की बहिणीशी तडजोड करायला तयार आहे. अण्णासाहेबांनी आम्हाला त्या दिवशी बोलावून घेतलं होतं. तडजोड वकिलांच्या खोलीत झाली, आम्ही दाराशी होतो. अर्धा हिस्सा द्यायला मालोजी कबूल झाला. मग चिमाबाईने दुसरी अट घातली, की कौशल्याच्या घराखालचा गुंठा वाटपातून बाजूला काढायचा आणि तिच्या नावे करायला दोघांनी संमती द्यायची. मालोजी म्हणाला, ते जमणार नाही. मी कोर्टात सही माझी नाही असं सांगून बसलोय, आता कसं कबूल करू?

चिमाबाईचे वकील तिला म्हणाले, की हा विषय सोडा, त्यापायी तडजोड मोडेल.

चिमाबाई म्हणाली, "मंग तो गुंठा माज्या वाट्यात धरा. त्येची भरपाई नगं मला. माज्या हिश्शातनं जाऊ द्या."

वकिलांनी तिला पुन्हा विचारलं, की रस्त्याकडेची जागा आहे, किंमत कळते ना तुम्हाला? तिने सांगितलं, कळते. मालोजी खिडकीबाहेर बघत राहिला. मग त्याने कागद ओढून घेतला आणि सही केली. ती सही माझ्यातल्या स्टँप पेपरवरच्या सहीसारखीच होती. खोलीतल्या सगळ्यांनी ते ओळखलं.

वाटप झालं. चिमाबाईने आपल्या वाट्यातला तो गुंठा कौशल्याबाईचा आहे असं वेगळं लिहून दिलं. लहान तुकड्यांचे नियम अलीकडे सैल झाल्यावर त्या कागदाची रीतसर नोंद करायचं काम अण्णासाहेबांनी हाती घेतलं आहे. ते अजून चालू आहे. सरकारी काम आहे, वेळ लागतो. पण घरावर स्लॅब टाकून झाला. त्यासाठी विजयश्रीने दवाखान्यातून आठ दिवस रजा काढली होती. बांधकामावर पाणी मारताना ती आईला म्हणाली, की तू सही केली नाहीस ते बरंच झालं. कौशल्याबाईने ऐकलं आणि तिला दुसरी बादली भरायला सांगितली.

मालोजीने बहिणीशी बोलणं टाकलं आहे. चिमाबाई आपलं रान बघायला महिन्यातून एकदा येते, तेव्हा भावाचं दार तिला उघडत नाही. आबांच्या हयातीत ती या वस्तीत पुष्कळदा यायची, पण कौशल्याबाईच्या घराचा उंबरा तिने कधी ओलांडला नव्हता. त्याचं कारण तुम्ही मोठ्यांना विचारा, ते सांगतील. आता ती उन्हातून येते, सरळ आत येऊन फरशीवर बसते आणि पाणी मागते. कौशल्याबाई चपात्या लाटते. दोघी जेवतात, रानाबद्दल बोलतात, आणि दुपार कलली की चिमाबाई एसटीला निघते.

मित्रांनो, माझं वय झालं आहे. विजयश्रीने कागदांसाठी चेन असलेली नवी फाईल आणली आहे, त्यामुळे माझं पोट रिकामं असतं. कधी भाजी आणायला नेतात, कधी नुसतीच लटकते. मला त्याचं दुःख नाही. पण एक मागणं आहे, ते ऐकाल का?

साहेबराव आबा वाईट नव्हते. त्यांनी एकदा बसून दोन पानं लिहून ठेवली असती, की हे लेकाचं, हे लेकीचं आणि हा गुंठा भिवाचा, तर एका बहिणीला भाऊ गमवावा लागला नसता आणि एका विधवेला दोन वर्षं खाडे करून परक्यासारखं दाराशी बसावं लागलं नसतं. ते म्हणायचे, मी आहे ना. माणूस नेहमी नसतो.

तुमच्या घरातही कुणी आजोबा, आजी, आत्या, काका असतील. कुणाला काय शब्द दिला आहे, कुणाचं काय आपल्याकडे आहे, हे त्यांना विचारा आणि त्यांच्याच हाताने लिहून घ्या. ते रागावतील, म्हणतील, मी काय आत्ताच मरतोय का? रागावू द्या. थोड्या वेळाने पुन्हा विचारा. ते सांगतील, आणि सांगताना कदाचित एखादं असं नाव घेतील जे तुम्ही घरात कधी ऐकलं नसेल. ते नावही लिहा.